शंभर प्रश्न, आणि सोलापूर शून्य

मित्रहो, पोस्ट लांब आहे. वेळ असेल तेव्हा वाचा, पण वाचा. आणि राग आला तर कमेंटमध्ये काढा, मी इथेच आहे.

परवा आपल्या भागात झालेल्या एका सामान्य ज्ञान स्पर्धेची प्रश्नपत्रिका आणि सोबतची उत्तरसूची बघायला मिळाली. आयोजक कोण ते लिहीत नाही. एक तर ती माणसं वाईट नाहीत, पदरमोड करून पोरांसाठी काहीतरी करतात. आणि दुसरं म्हणजे हीच प्रश्नपत्रिका थोड्या फरकाने दरवर्षी दहा ठिकाणी फिरते. कुठल्या तरी गाईडातून किंवा फॉरवर्डमधून उचलायची, वरचं नाव बदलायचं, झेरॉक्स काढायच्या, झालं. त्यामुळे एकट्याला धरून उपयोग नाही.

शंभर प्रश्न. तीन मोठे गट: मनोरंजन, युद्धांचा इतिहास, भारतातले पक्षी. उरलेलं इकडचं तिकडचं. गट वाचून मला आधी बरंच वाटलं. म्हटलं, चला, हे तिन्ही विषय म्हणजे आपल्या जिल्ह्याचं घरचं खातं. मग प्रश्न वाचत गेलो. अमक्या नटाचं खरं नाव काय. पानिपतची तिसरी लढाई कोणत्या साली. राष्ट्रीय पक्षी कोणता. राज्यपक्षी कोणता. पहिला मराठी बोलपट कोणता. शंभर प्रश्नांत सोलापूरचं नाव एकदाही नाही. ही प्रश्नपत्रिका चंद्रपुरात चालेल, सिंधुदुर्गात चालेल, बडोद्याला मराठी मंडळात पण चालेल.

इतकंच असतं तर मी गप्प बसलो असतो. पण उत्तरसूचीत एक रत्न सापडलं.

प्रश्न होता, सेनापती बापू गोखले ज्या लढाईत पडले ती आष्टीची लढाई कोणत्या जिल्ह्यात झाली? उत्तरसूची म्हणते, बीड. एका पोराने लिहिलं होतं सोलापूर. त्याचा एक मार्क कापला. पोरगं मोहोळ तालुक्यातलं!

मालक, ती आष्टी आपल्या मोहोळ तालुक्यातली. तलावाची आष्टी. बीड जिल्ह्यातही आष्टी आहे, वर्धा जिल्ह्यातही आष्टी आहे (तिथला 1942 चा लढा प्रसिद्ध आहे), पण फेब्रुवारी 1818 मध्ये जनरल स्मिथच्या घोडदळाने दुसऱ्या बाजीरावाला गाठलं ते इथं, पंढरपूरच्या वरच्या अंगाला. बाजीराव निसटला. बापू गोखले मागे राहून लढले आणि मारले गेले. आणि त्याच दिवशी आणखी एक गोष्ट घडली, जी कुठल्याच गाईडात एका ओळीत मावत नाही. पेशव्याने आपल्या फौजेबरोबर फिरवत ठेवलेले सातारचे छत्रपती प्रतापसिंह आणि त्यांच्या घरची माणसं इंग्रजांच्या हाती लागली. मग इंग्रजांनी त्यांनाच साताऱ्याच्या गादीवर बसवलं, आणि आपण पेशव्याला हटवून खऱ्या राजाला त्याचं राज्य देतोय असं लोकांना सांगायला ते मोकळे झाले. म्हणजे पेशवाई नुसती लढाईत हरली नाही, लोकांपुढे सांगायची बाजूसुद्धा ती आष्टीला हरली. मे महिन्यात सोलापूरचा किल्ला पडला. जूनमध्ये बाजीराव शरण गेला.

एवढं सगळं आपल्या हद्दीत घडलेलं. आणि ज्या पोराला ते घरातनं, गावातनं माहीत होतं, त्याला आपण शिक्षा दिली. कशाची? गाईडापेक्षा जास्त माहीत असल्याची.

आता कुणी म्हणेल, छपाईची चूक, होतं असं. मान्य. पण ही चूक टिकते का, ते बघा. पेपर काढणाऱ्याला, तपासणाऱ्याला, बक्षीस देणाऱ्याला, एकालाही ती खटकली नाही. कारण आपल्या डोक्यात पक्कं बसलंय की इतिहास म्हणजे दुसरीकडे घडतो. रायगडावर, पानिपतावर, फार तर पुण्यात. आपण फक्त पाठ करायचा.

अजून एक बघा. लढायांचे प्रश्न जवळपास सगळे जिंकलेल्या लढायांचे, नाहीतर मग पानिपतचे. पानिपतचा पराभव आपण मोठ्या मनाने स्वीकारलाय, त्यावर कादंबऱ्या आहेत, सिनेमे आहेत. आष्टीच्या पराभवाला कुणी वाली नाही. त्यात नायक एकच, तो मेला, आणि मालक पळाला. अशी लढाई विचारायची म्हटलं की पुढचा प्रश्न येतो, का पळाला? आणि "का" हा शब्द आपल्या प्रश्नपत्रिकेत चालत नाही. तिथे फक्त कोण, कुठे, कधी.

लष्करी इतिहास म्हणताय ना? मग मे 1930 कुठंय? गांधीजींना अटक झाल्यावर हे शहर पेटलं, गोळीबार झाला, अधिकारी शहर सोडून गेले आणि काही दिवस इथं इंग्रजांचं राज्य चाललंच नाही. मग सरकारने मार्शल लॉ लावला. त्यात मल्लप्पा धनशेट्टी, किसन सारडा, जगन्नाथ शिंदे आणि कुर्बान हुसेन यांना 12 जानेवारी 1931 ला येरवड्यात फाशी झाली. चार हुतात्मा चौकातून आपण रोज रिक्षाने जातो. त्या चौघांची नावं न अडखळता सांगणारे शंभरात किती निघतील, सांगा. मी टोमणा मारत नाही, खरंच विचारतोय. शाळेत, क्लासमध्ये, स्पर्धेत कुणी विचारलंच नाही तर सांगणार कुठून?

मनोरंजनाच्या गटाकडे या. इथं तर पेपर काढणाऱ्यांनी हद्दच केली. सगळे प्रश्न मुंबईचे. कुणाचा पहिला पिक्चर, कुणाला किती अवॉर्ड, कुणाची बायको कोण.

डॉक्टर कोटणीस आठवतात का? द्वारकानाथ कोटणीस, जन्म 1910, सोलापूर. 1938 मध्ये जपानने चीनवर केलेल्या आक्रमणाच्या काळात काँग्रेसने पाच डॉक्टरांचं पथक चीनला पाठवलं, त्यातले हे एक. बाकीचे परतले. हे थांबले. माओंच्या आठव्या मार्ग सेनेबरोबर डोंगरात राहून जखमींवर शस्त्रक्रिया केल्या, तिथल्याच परिचारिकेशी, ग्वो छिंगलानशी, लग्न केलं, आणि डिसेंबर 1942 मध्ये वयाच्या बत्तिसाव्या वर्षी तिथेच गेले. व्ही. शांतारामांनी 1946 मध्ये त्यांच्यावर 'डॉ. कोटणीस की अमर कहानी' काढला, मुख्य भूमिका स्वतः केली, समोर जयश्री. बघा, एका माणसात मनोरंजनही आलं आणि युद्धाचा इतिहासही आला, दोन्ही गट एका प्रश्नात उरकले असते. त्यांचं स्मारक भैय्या चौकात आहे. चीनमधून कुणी मोठा पाहुणा भारतात आला की कोटणीसांचं नाव निघतं. आणि सोलापूरच्या स्पर्धेत ते नाही.

जब्बार पटेल पंढरपूरचे, शिक्षण सोलापुरात, पेशाने बालरोगतज्ज्ञ, दौंडला दवाखाना चालवत चालवत 'सामना' आणि 'सिंहासन' काढले. नाही. नागराज मंजुळे जेऊरचे. नाही. म्हणजे 'सैराट' आहे हो पेपरात, पण प्रश्न काय तर त्याने किती कोटींचा धंदा केला! ज्या करमाळा तालुक्यात तो शूट झाला तिथल्या पोरांना आपण विचारतोय गल्ला किती. रिंकू राजगुरू अकलूजची आहे हे तरी विचारा. निदान एखादी अकलूजची मुलगी खुर्चीत ताठ बसेल.

आणि 'फँड्री'. तो बघितलेल्यांना आठवत असेल, जब्या अख्खा सिनेमाभर एका काळ्या चिमणीच्या मागे फिरतो. तिला मारून जाळायचं आणि ती राख शालूवर टाकायची, म्हणजे ती आपल्या प्रेमात पडेल, असं त्याला चंक्याने सांगितलेलं. हातात गलोल, माळ, बाभळी, आणि तो पक्षी काही सापडत नाही. जातीचा प्रश्न, शाळा, प्रेम आणि माळरान, सगळं त्या एका चिमणीत आहे. मनोरंजन आणि पक्षी असे दोन गट असलेल्या पेपरात हा प्रश्न नाही, आणि मोराचं शास्त्रीय नाव आहे. काय बोलायचं?

आता पक्ष्यांवर येतो. माझं खरं भांडण इथं आहे.

पेपरातला प्रश्न: महाराष्ट्रातले सर्वात मोठे अभयारण्य कोणते? उत्तर: माळढोक पक्षी अभयारण्य, 8,496 चौरस किलोमीटर.

चला, म्हणजे सोलापूर आलं एकदाचं, पण बिननावाने. नान्नज आपल्यापासून वीसेक किलोमीटर. पण तो आकडा? तो 1979 नंतरच्या घोषणेतला जुना आकडा आहे. सोलापूर आणि नगर जिल्ह्यांतले तालुकेच्या तालुके त्यात टाकले होते. गावं, बाजारपेठा, खासगी शेतं, सगळं. साहजिकच लोक वैतागले. जमिनीचा व्यवहार करायचा तर अडचण, बांधकाम करायचं तर अडचण. कागदावर अभयारण्य, प्रत्यक्षात ज्वारीचं रान. आणि सगळा राग निघाला कुणावर? पक्ष्यावर. "माळढोकामुळे आमची जमीन अडकली" हे वाक्य या पट्ट्यात म्हातारी माणसं आजही म्हणतात. पुढे ते क्षेत्र कमी करून 1,222 चौरस किलोमीटरवर आणलं. आणि गाईडं अजून 8,496 च छापतायत, आपण तेच पाठ करून घेतोय.

म्हणजे बघा गंमत. अभयारण्य आक्रसलं, पक्षी गेला, आकडा मात्र तब्येतीने ठणठणीत.

पक्षी गेला म्हणजे किती गेला? नान्नजला एके काळी वीस-पंचवीस माळढोक सहज नोंदले जायचे. आता एखादा दिसला तर पेपरात बातमी येते. अख्ख्या देशात दीडशेच्या आसपास उरलेत, त्यातले बहुतेक राजस्थानात. मीटरभर उंच, नर पंधरा किलोपर्यंत भरतो, उडणाऱ्या सर्वात जड पक्ष्यांपैकी एक. मादी उघड्या माळावर जमिनीवरच अंडं घालते, बहुधा एकच. एक कुत्रं, एक मेंढरांचा कळप, एक ट्रॅक्टर, की वर्षाची मेहनत गेली. त्याची नजर बाजूला चांगली चालते, समोरचं कमी दिसतं, आणि एवढं जड शरीर ऐन वेळी वळत नाही. त्यामुळे विजेच्या तारेवर आदळून मरतो. सुप्रीम कोर्टाने 2021 मध्ये राजस्थान-गुजरातेतल्या त्याच्या पट्ट्यात तारा जमिनीखाली घाला म्हणून सांगितलं, मग 2024 मध्ये त्यात बदल करून तज्ज्ञांची समिती नेमली. एका बाजूला सौरऊर्जा, दुसऱ्या बाजूला पक्षी. हा खरा अवघड प्रश्न आहे, यावर पोरांनी वाद घालावा असा. आमच्या पेपरात माळढोकाबद्दल फक्त चौरस किलोमीटर.

राष्ट्रीय पक्षी मोर, 1963, हे पाठ आहे सगळ्यांना. पण सलीम अलींचं मत माळढोकाच्या बाजूने होतं, हे किती जणांना माहीत आहे? मोराला कायदा आणि देव दोघांचंही संरक्षण आहे, खरी गरज माळढोकाला होती. इंग्रजी नावाचा उच्चार चुकला तर शिवी होईल म्हणून मागे पडला, अशीही गोष्ट सांगितली जाते. ती खरी खोटी देव जाणे.

आणि मारुती चितमपल्ली! सोलापुरात जन्मले, आयुष्य वनखात्यात काढलं, 'पक्षिकोश' लिहिला, 2006 चं साहित्य संमेलन या शहरात भरलं तेव्हा अध्यक्ष तेच. शेवटची वर्षं सोलापुरातच राहिले आणि 2025 च्या जूनमध्ये इथंच गेले. राज्य सरकार 5 ते 12 नोव्हेंबर पक्षी सप्ताह करतं, तो 5 नोव्हेंबर चितमपल्लींचा वाढदिवस आणि 12 नोव्हेंबर सलीम अलींचा. पेपरात सलीम अलींचं टोपणनाव विचारलंय. चितमपल्ली नाहीत.

मला यातलं सगळ्यात जास्त काय खुपतं सांगू? माळ. आपल्या सात-बाऱ्यात, आपल्या बोलण्यात माळ म्हणजे पडीक. पडीक म्हणजे फुकट गेलेलं. त्यावर कारखाना घाला, सोलर घाला, नाहीतर पुण्य म्हणून झाडं लावा. माळावर झाडं लावणं म्हणजे पर्यावरण, हे आपण शाळेत शिकवतो. पण माळ हे स्वतःच एक पूर्ण घर आहे. तिथं गवत हवं, सावली नको. माळढोक, तणमोर, धाविक, चंडोल, माळटिटवी, पखुर्डी, वर काळवीट आणि लांडगा. दाट झाडी केली की यातलं निम्मं निघून जातं. ही माहिती जिल्ह्यातल्या प्रत्येक सरपंचाला हवी, कारण उद्या गायरानाचं काय करायचं हा ठराव त्याच्यापुढे येणार आहे. आणि उद्याचा सरपंच आज त्या स्पर्धेत बसलाय. त्याला आपण हरियाल राज्यपक्षी आहे एवढं सांगून घरी पाठवतो. हरियाल वडा-पिंपळावर बसतो, त्याच्या गावात असेलही, त्याने वर मान करून बघितलं का हे कुणी विचारत नाही.

आता येणारी उत्तरं मला माहीत आहेत.

पहिलं: "स्पर्धा परीक्षेला हेच लागतं." बरं. आपली निम्मी पोरं भरतीच्या मागे आहेत, मला कळतं. पण पोलिस भरतीचा लेखी पेपर जिल्ह्यानुसार निघतो आणि त्यात जिल्ह्याची माहिती विचारतात, हे भरतीचा कुठलाही पोरगा सांगेल. आणि 8,496 लिहून मार्क गेला तर तो गाईडवाला भरून देणार आहे का?

दुसरं: "सोलापूर-सोलापूर काय लावलंय, जग कुठं चाललंय." अहो, कोटणीस इथूनच चीनला गेले ना? आष्टीतून ईस्ट इंडिया कंपनी समजते. नान्नजवरून सुरुवात केली की जैसलमेरच्या तारांपर्यंत पोचता येतं. उलट दिशेने कुणी पोचल्याचं मी पाहिलं नाही. जगातला सर्वात लहान पक्षी हमिंगबर्ड, हे पाठ असलेलं पोरगं दारातला कोतवाल ओळखत नाही. म्हशीच्या पाठीवर बसतो, घरट्याजवळ आलेल्या घारीला पिटाळतो, म्हणून त्याचं नाव कोतवाल. हे सांगा, पोरगं जन्मात विसरणार नाही.

तिसरं: "तुम्ही का नाही काढत पेपर?" काढतो की. हे घ्या नमुने. भोरड्यांचे थवे आपल्या ज्वारीवर कोणत्या दिवसांत येतात आणि गोफण घेऊन माचाणावर कोण बसायचं? 'फँड्री'त राष्ट्रगीत सुरू होतं तेव्हा जब्याच्या घरचे काय करतात, आणि डुकराचं काय होतं? बापू गोखले थांबले म्हणून कोण वाचलं? कोटणीसांबरोबर चीनला आणखी कोण कोण गेलं? माळावर झाड लावलं तर कुणाचं घर मोडतं? जिल्ह्यावरचे चाळीस प्रश्न माझ्याकडे तयार आहेत, उत्तरांसकट. आणि माझ्याच उत्तरावर विश्वास ठेवू नका, हिराचंद नेमचंद वाचनालयात जाऊन गॅझेटियर उघडा, ताडून बघा.

ज्या मंडळांना, शाळांना, अकादम्यांना हवे असतील त्यांनी इनबॉक्समध्ये यावं. पैसे नकोत, फ्लेक्सवर नाव नको. अट एकच. ज्या स्पर्धेबद्दल मी लिहिलंय त्यांनी मोहोळच्या त्या पोराचा कापलेला मार्क आधी परत द्यावा, आणि निकालाची यादी दुरुस्त करून पुन्हा लावावी. ऐकतोय की एका मार्काने त्याचं तिसरं बक्षीस गेलंय.